वसंत देसाई : आधी नट, मग संगीतकार

शाळेत सकाळी रांगेत उभं राहून आपण ज्या चाली म्हटल्या, त्या कुणाच्या असं हॉस्टेलात विचारलं तर सगळे एकमेकांकडे बघतात. ‘दो आँखें बारह हाथ’ (१९५७) आणि ‘गुड्डी’ (१९७१) यांतल्या प्रार्थना. दोन्ही वसंत देसाईंच्या.

देसाई कुडाळजवळच्या सोनवड्याचे, जन्म १९१२ चा. कोल्हापूरला प्रभात फिल्म कंपनीत शिरले ते नट व्हायला. गाता गळा असलेला पोरगा, आणि १९३० साली काम केलं ते ‘खुनी खंजर’ या मूकपटात! बोलपट आल्यावर छोट्या भूमिका केल्या, गायले, पण ते खरे रमले ते वाद्यांत. गोविंदराव टेंबे, मास्टर कृष्णराव यांच्या हाताखाली पडेल ते काम करत ते शिकले. आपल्या भाषेत सांगायचं तर सगळी डिग्री वर्कशॉपमध्येच झाली.

१९४२ ला शांताराम प्रभातमधून बाहेर पडले आणि मुंबईत त्यांचं राजकमल उभं राहिलं. तिथल्या ‘शकुंतला’ला (१९४३) संगीत देसाईंचं. मग ‘डॉ. कोटणीस’, ‘अमर भूपाळी’, ‘झनक झनक पायल बाजे’. शिवाय अत्र्यांची ‘श्यामची आई’.

मला त्यांची एक गोष्ट फार आवडते. दुसऱ्याच्या कलेला जागा करून द्यायला ते कचरत नसत. ‘झनक झनक’मध्ये (१९५५) शीर्षकगीत थेट उस्ताद अमीर खाँसाहेबांकडून गाऊन घेतलं. त्याच चित्रपटाच्या पार्श्वसंगीतात तरुण शिवकुमार शर्मांचं संतूर वाजलं. तेव्हा हे वाद्य काश्मीरबाहेर किती जणांनी ऐकलं असेल? ‘गूँज उठी शहनाई’ला (१९५९) सनई साक्षात बिस्मिल्ला खाँची. एवढे दिग्गज घेतले की संगीतकार झाकला जायची भीती असतेच, पण इथे चाली टिकल्याच.

‘आशीर्वाद’मधलं (१९६८) आगगाडीचं गाणं तर अशोककुमारनी स्वतः गायलंय. ते गायक नव्हेत म्हणूनच ते गाणं इतकं लाडकं झालं असं माझं मत (रूम पार्टनरला पटत नाही).

तोवर जमाना बदलला होता, ठेका बदलला होता. तरी ‘गुड्डी’साठी त्यांनी हिंदीत अगदी नवा आवाज आणला, वाणी जयराम. त्याआधी ‘देव दीनाघरी धावला’ नाटकासाठी त्यांनी तिला कुमार गंधर्वांबरोबर मराठीत गायला लावलं होतं. म्हणजे नवखी मुलगी, आणि शेजारी कुमारजी!

२२ डिसेंबर १९७५ ला मुंबईत राहत्या इमारतीच्या लिफ्टमध्ये अपघात होऊन ते गेले. वय ६३.