सुई-दोऱ्यापासून शीशमहालापर्यंत : के. आसिफ

‘मुग़ल-ए-आज़म’ माहीत नाही असं घर आपल्याकडे क्वचितच सापडेल. पण तो बनवणारा माणूस मुंबईत आला तेव्हा सिनेमा नव्हे, शिवणकाम करत होता, हे फार थोड्यांना ठाऊक असतं.

करीमुद्दीन आसिफ यांचा जन्म 1922 साली उत्तर प्रदेशातल्या इटावा इथं झाला. घरची गरिबी, त्यामुळे शिक्षण जेमतेम. मुंबईत त्यांचे मामा नज़ीर हे चित्रपटात नट होते. त्यांच्या आधाराने आसिफ मुंबईत आले आणि टेलरिंग करू लागले. पण मन रमलं ते स्टुडिओत. 1945 मध्ये ‘फूल’ हा पहिला चित्रपट त्यांनी दिग्दर्शित केला. पृथ्वीराज कपूर, सुरैया, वीणा असे मोठे कलाकार त्यात होते. 1951 च्या ‘हलचल’चे ते निर्माते होते, दिग्दर्शन मात्र एस. के. ओझा यांनी केलं.

‘मुग़ल-ए-आज़म’चं काम फाळणीच्या आधीच सुरू झालं होतं. तेव्हा अकबराच्या भूमिकेत चंद्रमोहन होते, अनारकली नर्गिस होत्या. फाळणी झाली आणि पैसा लावणारे शिराज़ अली हकीम पाकिस्तानात निघून गेले. 1949 मध्ये चंद्रमोहनही वारले. दुसरा कुणी असता तर नाद सोडला असता. आसिफ यांनी शापूरजी पालनजी या पारशी उद्योगपतींना राजी केलं आणि नव्या कलाकारांना घेऊन पहिल्यापासून सुरुवात केली.

इथं त्यांच्यातला जुना कारागीर दिसतो. पोशाख शिवायला दिल्लीचे शिंपी आले, भरतकामाला सुरत-खंभातचे कारागीर. दागिने हैदराबादच्या सोनारांनी घडवले, जोडे आग्र्याहून आले, हत्यारं राजस्थानच्या लोहारांनी बनवली. आणि मुकुट? ते आपल्या कोल्हापूरच्या कारागिरांचे! अंधेरीच्या मोहन स्टुडिओत शीशमहाल उभा करायलाच जवळपास दोन वर्षं लागली. काच बेल्जियमहून मागवलेली. आरशांवर दिव्यांचा उजेड इतका परावर्तित व्हायचा की चित्रीकरण अशक्य वाटत होतं. छायाचित्रकार आर. डी. माथुर यांनी त्यातूनही वाट काढली.

या हट्टाची किंमत इतरांनाही मोजावी लागली, हेही सांगायला हवं. कैदेच्या दृश्यांसाठी मधुबालांच्या अंगावर खऱ्या लोखंडी साखळ्या चढवल्या होत्या. त्यांच्या हृदयाला जन्मापासून छिद्र होतं. 1969 मध्ये वयाच्या 36 व्या वर्षी त्या गेल्या. कामातला परिपूर्णपणा चांगलाच, पण तो माणसाच्या जिवापेक्षा मोठा नसतो.

5 ऑगस्ट 1960 रोजी मुंबईच्या मराठा मंदिरमध्ये चित्रपट झळकला आणि गर्दी आवरेना. फिल्मफेअरचा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा पुरस्कार त्याला मिळाला. दिग्दर्शनाचा पुरस्कार मात्र ‘परख’साठी बिमल रॉय यांना गेला.

एक गोष्ट मुलांना जरूर सांगावी. अनारकलीची कथा हा इतिहास नाही. इम्तियाज़ अली ताज यांच्या नाटकामुळे ती घराघरात पोहोचली. सलीम आणि अकबर यांच्यात संघर्ष झाला हे खरं, पण तो तख्तासाठी होता. सिनेमा बघून परीक्षेत उत्तर लिहू नये!

पुढे आसिफ यांनी लैला-मजनूच्या कथेवर ‘लव्ह अँड गॉड’ हाती घेतला. 1964 मध्ये नायक गुरुदत्त गेले, काम थांबलं. मग संजीव कुमार यांना घेऊन पुन्हा सुरुवात झाली. पण 9 मार्च 1971 रोजी आसिफ यांचंच निधन झालं. वयाची पन्नाशीही त्यांनी गाठली नव्हती. तो चित्रपट 1986 मध्ये, जसा होता तसा जोडून, पडद्यावर आला.

दिग्दर्शक म्हणून आसिफ यांनी स्वतः पूर्ण केलेले चित्रपट दोनच. तरी त्यांचं नाव टिकलं, कारण एका कामात त्यांनी सगळं आयुष्य ओतलं आणि प्रत्येक कारागिराचा हात किती मोलाचा आहे हे ओळखलं. आपल्या मोहल्ल्यांत आजही जरीकाम, शिवणकाम करणारी कितीतरी मुलं आहेत. त्यांना कमी लेखू नका. त्यांचं शिक्षण सुटू देऊ नका, आणि हातातला हुनरही सुटू देऊ नका. दोन्ही हातात हात घालून चालले तर आपली मुलं कुठवर पोहोचतील, ते आज कुणाला सांगता येणार!