बॅरिस्टर बद्रुद्दीन तय्यबजी : आत राहून बोलायला शिकवणारा नेता

मुंबईत सीएसएमटी स्टेशनातून बाहेर पडलं की रस्त्याच्या पलीकडे अंजुमन-ए-इस्लामची जुनी दगडी इमारत दिसते. आपल्यापैकी अनेकांनी तिथे परीक्षा दिली असेल, कुणाचे वडील तिथे शिकले असतील. ही संस्था कुणी उभी केली, हे मात्र विद्यार्थ्यांना विचारलं तर बहुतेक जण गप्प बसतात. एखादा हुशार मुलगा बद्रुद्दीन तय्यबजी हे नाव सांगतो, पण राष्ट्रध्वजाच्या संदर्भात ज्यांचं नाव येतं तेच हे, असं त्याला वाटत असतं. ते बद्रुद्दीन तय्यबजी यांचे नातू, आजोबांच्याच नावाचे. हा लेख आजोबांविषयी आहे. हिंदुस्थानच्या राजकारणात मुसलमानाने कुठे आणि कसं उभं राहायचं, हा प्रश्न ज्यांनी सगळ्यात आधी जाहीरपणे अंगावर घेतला, त्यांच्यापैकी ते एक होते.

बद्रुद्दीन यांचा जन्म 10 ऑक्टोबर 1844 रोजी मुंबईत झाला. घराणं सुलेमानी बोहरा, मूळचं खंभातकडचं. वडील मुल्ला तय्यब अली हे स्वतःच्या हिमतीवर वर आलेले व्यापारी. इंग्रजी शिकलं की दीन जातो, असं बऱ्याच घरांत मानलं जात होतं तो काळ. या गृहस्थांनी मात्र आपल्या सातही मुलांना शिक्षणासाठी युरोपला पाठवलं. थोरले कमरुद्दीन इंग्लंडमध्ये सॉलिसिटर झाले, आणि असा मान मिळवणारे ते पहिले हिंदुस्थानी होते. या घराची आणखी एक गोष्ट मला फार आवडते. घरात अखबारच्या वह्या ठेवलेल्या असत. कुटुंबातल्या बातम्या, प्रवास, आजारपणं, आनंदाचे प्रसंग त्यात लिहिले जात, आणि लिहिणाऱ्यांमध्ये बायकाही असत. बोहरा घराणं म्हणजे बोली गुजराती, पण या कुटुंबाने पुढे उर्दू आपलीशी केली.

बद्रुद्दीन आधी मदरशात उर्दू-फारसी शिकले, मग एल्फिन्स्टनमध्ये गेले. डोळ्यांचं दुखणं लहानपणापासूनच होतं, त्यावर इलाजासाठी त्यांना फ्रान्सला नेण्यात आलं. 1860 मध्ये, सोळाव्या वर्षी, ते लंडनला शिकायला गेले. 1863 मध्ये मिडल टेंपलमध्ये कायद्याचा अभ्यास सुरू झाला. नजर इतकी बिघडली की 1864 च्या अखेरीस सगळं सोडून मुंबईला परतावं लागलं. दुसरा एखादा तिथेच थांबला असता. हे वर्षभराने पुन्हा निघाले, 1867 मध्ये बॅरिस्टर झाले आणि त्याच वर्षाच्या शेवटी मुंबईत येऊन वकिली सुरू केली. मुंबई हायकोर्टातले ते पहिले हिंदी बॅरिस्टर. तोवर ही जागा फक्त गोऱ्यांची होती.

वकिलीत जम बसला तसे ते सार्वजनिक कामात ओढले गेले. 1873 मध्ये ते मुंबई म्युनिसिपालिटीत निवडून आले. पुढे युनिव्हर्सिटीच्या सिनेटवर आणि 1882 मध्ये कायदेमंडळावर त्यांची नेमणूक झाली. हिंदी न्यायाधीशांना युरोपियनांचे फौजदारी खटले चालवू द्यावेत, असं सांगणारं इल्बर्ट बिल 1883 मध्ये आलं, तेव्हा गोऱ्या समाजाने केवढा गदारोळ केला होता! मुंबईच्या टाउन हॉलमध्ये बिलाच्या बाजूने सभा झाली, त्यात तय्यबजी बोलले. फिरोजशहा मेहता, काशिनाथ त्र्यंबक तेलंग आणि बद्रुद्दीन तय्यबजी ही त्या काळच्या मुंबईची त्रिमूर्ती. एक पारशी, एक मराठी ब्राह्मण, एक मुसलमान. या तिघांनी 1885 च्या सुरुवातीला बॉम्बे प्रेसिडेन्सी असोसिएशन स्थापन केली आणि त्याच वर्षी डिसेंबरात काँग्रेसचं पहिलं अधिवेशन मुंबईत भरलं.

इथूनच त्यांच्या आयुष्यातला खरा पेच सुरू होतो. पहिल्या अधिवेशनात 72 प्रतिनिधी होते आणि त्यात मुसलमान फक्त दोन. त्यामुळे ही संस्था साऱ्या देशाची कशी, असा सवाल उठणं साहजिकच होतं. 1887 मध्ये मद्रासला तिसरं अधिवेशन भरलं. 607 प्रतिनिधी आले आणि अध्यक्षपदी बद्रुद्दीन तय्यबजी यांची निवड झाली. काँग्रेसचे ते पहिले मुस्लिम अध्यक्ष. भाषणात त्यांनी थेट याच मुद्द्याला हात घातला. कर, कायदा, नोकऱ्या, राज्यकारभार हे प्रश्न सगळ्या प्रजेचे आहेत. त्यासाठी मुसलमानांनी आपल्या देशबांधवांपासून वेगळं का राहावं, याचं एकही सबळ कारण आपल्याला दिसत नाही, असं त्यांनी मांडलं.

त्याच महिन्यात लखनौमध्ये सर सय्यद अहमद खान यांनी काँग्रेसविरोधात जाहीर भाषण केलं. इथे आपण घाई करून एकाला हिरो आणि दुसऱ्याला खलनायक करू नये. वर्गात मुलांनाही मी हेच सांगते. सर सय्यद यांची भीती हवेतली नव्हती. 1857 नंतर उत्तरेतल्या मुसलमानांचं काय झालं, ते त्यांनी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं होतं. समाज शिक्षणात मागे होता. निवडणुका आणि स्पर्धा परीक्षा आल्या तर संख्येने जास्त आणि शिक्षणाने पुढे असलेलेच सगळ्या जागा घेतील, मग आपल्या मुलांनी कुठे जायचं? आधी शिका, राजकारण नंतर, अशी त्यांची भूमिका होती. शिवाय हिंदुस्थान हे एकच राष्ट्र आहे, हेच त्यांना मान्य नव्हतं.

1888 मध्ये दोघांमध्ये पत्रव्यवहार झाला. तय्यबजींनी कलकत्त्याच्या सय्यद अमीर अली यांनाही पत्र लिहिलं. त्यांचा मुद्दा समजायला सोपा आहे. प्रश्न दोन प्रकारचे असतात. काही सगळ्या देशाचे, तिथे सगळ्यांबरोबर काम करायचं. काही फक्त आपल्या समाजाचे, त्यासाठी आपल्या वेगळ्या संस्था असाव्यात. आणि काँग्रेसमध्ये एखादी गोष्ट मुसलमानांच्या हिताविरुद्ध होत असेल, तर बाहेर उभं राहून ओरडण्यापेक्षा आत जाऊन ती अडवावी. बाहेर राहिलात तर तुमच्याशिवाय निर्णय होतील, एवढंच.

त्यांनी हे नुसतं बोलून सोडलं नाही. हिंदू किंवा मुस्लिम प्रतिनिधींनी एकमताने किंवा जवळपास एकमताने एखाद्या विषयाला हरकत घेतली, तर तो विषय काँग्रेसमध्ये चर्चेला घ्यायचा नाही, असा नियम 1888 च्या अलाहाबाद अधिवेशनात झाला. त्यामागे त्यांचाच आग्रह होता. बहुमताच्या राज्यात अल्पसंख्याकांचा आवाज कसा जपायचा, हा प्रश्न आपली राज्यघटना लिहिली जात असतानाही समोर होता. त्याच्या कितीतरी आधी, साध्या नियमाच्या भाषेत, या माणसाने त्याचं एक उत्तर शोधलं होतं.

पण चरित्र लिहायचं तर अडचणीची गोष्टही लिहायला हवी. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये तय्यबजींनी काँग्रेसचे सरचिटणीस ह्यूम यांना लिहिलेलं पत्र उदास मनाचं आहे. मुस्लिम समाजातला मोठा वर्ग विरोधात गेलाय, कटुता वाढतेय, हे त्यांना स्पष्ट दिसत होतं. ज्या एकीसाठी काँग्रेस काढली तिच्यामुळेच फूट वाढत असेल, तर किमान पाच वर्षं अधिवेशनं थांबवावीत, असं त्यांनी सुचवलं. काँग्रेसने ते ऐकलं नाही. कुणी याला माघार म्हणेल. मला मात्र यात आपल्या माणसांना मागे टाकून एकट्याने पुढे जायला तयार नसलेला नेता दिसतो. काँग्रेस त्यांनी सोडली नाही, आणि कौमही सोडली नाही.

कौमसाठी केलेलं त्यांचं मोठं काम म्हणजे अंजुमन-ए-इस्लाम. 1874 मध्ये संस्था निघाली. कमरुद्दीन पहिले अध्यक्ष आणि बद्रुद्दीन सचिव. 1880 मध्ये शाळा सुरू झाली. 1890 पासून अखेरपर्यंत ते अंजुमनचे अध्यक्ष होते. आधी शिक्षण की आधी राजकारण, हा सर सय्यद यांचा सवाल होता. तय्यबजींनी दोन्ही कामं एकाच वेळी करून दाखवली. घरातही तेच. मुलींना पडद्यात ठेवून घरीच बसवायची रीत त्यांनी मोडली. त्यांच्या मुली मुंबईत शाळेत शिकल्या आणि 1904 मध्ये दोघींना त्यांनी इंग्लंडच्या बोर्डिंग स्कूलला पाठवलं. ज्या समाजात आजही दहावीनंतर मुलीचं शिक्षण थांबवायचं का यावर घरात चर्चा होते, त्या समाजातला हा सव्वाशे वर्षांपूर्वीचा बाप आहे.

1895 मध्ये ते मुंबई हायकोर्टाचे न्यायाधीश झाले, तिथले पहिले मुस्लिम न्यायमूर्ती. महाराष्ट्राने विसरू नये असा प्रसंग 1897 चा. केसरीतल्या लिखाणाबद्दल लोकमान्य टिळकांना राजद्रोहाच्या आरोपाखाली अटक झाली. मॅजिस्ट्रेटने जामीन नाकारला, हायकोर्टातही एकदा नकार मिळाला. ऑगस्टच्या सुरुवातीला अर्ज पुन्हा आला तो न्या. तय्यबजींसमोर. खटला उभा राहायला अवकाश होता. आरोपीला बचावाची तयारी करता आली पाहिजे आणि उद्या तो निर्दोष सुटला तर तुरुंगात गेलेले दिवस त्याला कोण परत देणार, असा साधा न्यायाचा विचार करून त्यांनी जामीन मंजूर केला. टिळकांचं राजकारण आणि त्यांचं राजकारण एक नव्हतं. सरकारची नाराजीही त्यांना कळत नव्हती असं नाही. खुर्चीवर बसल्यावर त्यांनी फक्त कायदा पाहिला. पुढे 1902 मध्ये त्यांनी काही काळ हंगामी मुख्य न्यायाधीश म्हणूनही काम केलं.

सर सय्यद 1898 मध्ये अल्लाहला प्यारे झाले. त्यांनीच सुरू केलेल्या मोहम्मडन एज्युकेशनल कॉन्फरन्सचं अधिवेशन 1903 मध्ये मुंबईत भरलं आणि अध्यक्ष होते बद्रुद्दीन तय्यबजी. पंधरा वर्षांपूर्वी ज्यांच्याशी वाद घातला, त्यांच्याच मंचावर त्यांनी मुलींच्या शिक्षणाची बाजू मांडली आणि काँग्रेसशी असलेलं आपलं नातंही लपवलं नाही. मतभेद होते, दुश्मनी नव्हती.

19 ऑगस्ट 1906 रोजी रजेवर लंडनला असताना हृदयविकाराच्या झटक्याने त्यांचा इंतकाल झाला. चारच महिन्यांनी ढाक्यात, याच एज्युकेशनल कॉन्फरन्सच्या निमित्ताने जमलेल्या पुढाऱ्यांनी मुस्लिम लीग स्थापन केली. 1909 मध्ये स्वतंत्र मतदारसंघ आले आणि रस्ता वेगळ्या दिशेला वळला. ते असते तर काय झालं असतं, हे सांगता येत नाही. त्यांच्या घराण्याने मात्र वाट सोडली नाही. 1930 च्या मिठाच्या सत्याग्रहात गांधीजींच्या अटकेनंतर नेतृत्व हाती घेऊन स्वतः तुरुंगात गेलेले म्हातारे अब्बास तय्यबजी हे त्यांचेच पुतणे.

आज आपल्या तरुणांमध्ये दोन सूर ऐकू येतात. एक म्हणतो, आपलं कुणी ऐकत नाही, सोडून द्या सगळं. दुसरा म्हणतो, आपलं वेगळंच बरं. शाळेच्या पालक सभेपासून ग्रामसभेपर्यंत आपल्या खुर्च्या रिकाम्या दिसतात, त्या यामुळेच. तय्यबजींनी या दोन्ही सुरांना 1888 मध्येच जवाब दिलाय. आपल्या संस्था मजबूत करा, आणि सगळ्यांच्या सभेतली आपली खुर्चीही सोडू नका. पुढच्या वेळी मुलांना घेऊन सीएसएमटीला उतरलात तर दोन मिनिटं थांबा, समोरची ती इमारत दाखवा आणि ही गोष्ट त्यांना सांगा. अल्लाह मरहूमांची मगफिरत करो, आमीन.