आकाशाचा आवाज ऐकणारी शिक्षिका

1977 साली निघालेले व्हॉयेजर-2 हे यान सर्व ग्रहांना मागे टाकून ताऱ्यांमधील अवकाशात गेले आहे. ते दक्षिण दिशेस गेल्यामुळे त्याला आज्ञा पोहोचविण्याचे काम ऑस्ट्रेलियातील कॅनबेराजवळ, टिडबिनबिला येथील 70 मीटर व्यासाची ॲंटेना करीत आली आहे. आकाशातून येणाऱ्या अशा क्षीण रेडिओ लहरी पकडण्याची विद्या त्या देशात ज्यांनी रुजविली, त्यांत रूबी पेन-स्कॉट या बाईंचे स्थान मोठे आहे.

रूबीबाईंचा जन्म 28 मे 1912 रोजी न्यू साउथ वेल्समधील ग्राफ्टन गावी झाला. सिडनी विद्यापीठातून त्या 1933 साली पदार्थविज्ञानाच्या पदवीधर झाल्या व 1936 साली एम. एस्सी. झाल्या. परंतु त्या काळी स्त्री शास्त्रज्ञाला काम मिळणे कठीण होते. म्हणून त्यांनी अध्यापनाची पदविका घेतली व काही काळ शाळेत शिकविले. पुढे 1941 साली, महायुद्ध चालू असता, सरकारी रेडिओभौतिकी प्रयोगशाळेत त्यांना रडारचे काम मिळाले.

युद्ध संपल्यावर हीच यंत्रे सूर्याकडे वळली. सिडनीच्या डोव्हर हाइट्स येथे समुद्राकाठच्या उंच कड्यावर ॲंटेना होती. सूर्य उगवताना त्याच्या लहरी एकदा थेट येत आणि एकदा पाण्यावरून परावर्तित होऊन येत. दोन्ही एकत्र मिसळून कधी वाढत, कधी मावळत. 26 जानेवारी 1946 च्या पहाटे रूबीबाईंनी ही रीत वापरली. या चढउतारावरून, जोरदार लहरी सौर डागांच्या भागातून येतात, हे त्यांना व त्यांच्या सहकाऱ्यांना दाखविता आले. पॉसी व मॅक्रेडी यांच्यासह 1947 साली प्रसिद्ध केलेल्या निबंधात, अशी मापे गणिताने जोडून आकाशाचे चित्र तयार करता येईल, हा विचार मांडला गेला. अनेक लहान ॲंटेना जोडून एका प्रचंड ॲंटेनाचे काम घेणे त्यामुळेच साधले. आपल्या मॉरिशसमधील ब्रा दो येथील रेडिओ दुर्बीण याच तत्त्वावर उभारली गेली. दूरच्या यानाची दिशा अचूक ठरवितानाही, परस्परांपासून हजारो किलोमीटर दूर असलेली दोन केंद्रे अशीच जोडतात.

एवढे करूनही बाईंच्या वाट्याला काय आले? विवाहित स्त्रीला कायम सरकारी नोकरी मिळत नसे. म्हणून 1944 साली झालेला विवाह त्यांनी गुप्त ठेवला. 1950 मध्ये तो उघड होताच त्यांचे कायम पद गेले. त्यांनी वरिष्ठांशी पत्राने वाद घातला. नियम मात्र हलला नाही. बाळंतपणाची रजा नव्हतीच. 1951 साली, बाळाच्या जन्मापूर्वी, त्यांनी प्रयोगशाळा सोडली व संशोधन कायमचे सुटले. तो नियम रद्द झाला 1966 साली!

बाई खचल्या नाहीत. मुले थोडी मोठी झाल्यावर 1963 ते 1974 पर्यंत त्यांनी सिडनीत मुलींच्या शाळेत गणित व विज्ञान शिकविले. 25 मे 1981 रोजी त्यांचे निधन झाले. 2008 साली, मुलांच्या संगोपनानंतर कामावर परतणाऱ्या संशोधकांसाठी, त्याच संस्थेने त्यांच्या नावाने पुरस्कार सुरू केला.

आम्हां शिक्षकांच्या वर्गात रोज अनेक मुली बसतात. त्यांतील कोणाची बुद्धी आकाशाला भिडेल, हे आधी कोण सांगणार? पालकहो, विवाह ठरला म्हणून मुलीचे पुस्तक मिटवू नका, एवढीच आमची विनंती.