काशीचा शास्त्री, ख्रिस्ताचा सेवक : फादर नेहेम्या गोरे



काष्टीहून दौंडला जाऊन पुण्याची गाडी धरली की वाटेत केडगाव स्टेशन लागते. पंडिता रमाबाईंचे मुक्ती मिशन तेथेच आहे. रमाबाईंचे नाव आपल्यापैकी बहुतेकांना ठाऊक आहे. पण त्या विदुषीच्या शंकांना ज्याने उत्तरे दिली, त्या माणसाची ओळख फार थोड्यांना असते. त्यांचे नाव नीळकंठशास्त्री गोरे. ते आपल्या कॅथलिक ख्रिस्तसभेचे नव्हते, अँग्लिकन पंथाचे धर्मगुरू होते. तरीही त्यांच्या जीवनातला एक प्रश्न तुमचा-माझा आहे. ख्रिस्ताकडे येताना आपल्या पूर्वजांच्या शहाणपणाचे काय करायचे?

हा प्रश्न ख्रिस्तसभेला पहिल्या शतकापासून पडला आहे. प्रेषित पौल अथेन्सला गेला तेव्हा त्याची गाठ ग्रीक तत्त्वज्ञांशी पडली. पुढे दुसऱ्या शतकात संत जस्टिन होऊन गेले. स्टोइक, अॅरिस्टॉटलचे अनुयायी, पायथागोरसचे अनुयायी, प्लेटोचे अनुयायी अशा एकेका गुरूकडे जाऊन सत्य शोधत ते शेवटी ख्रिस्ताकडे आले. पण तत्त्वज्ञाचा झगा त्यांनी अंगावरून उतरवला नाही. देवाच्या शब्दाचे बीज सगळ्या माणसांत पेरलेले आहे, म्हणून सॉक्रेटिससारख्यांना जे खरे गवसले तेही ख्रिस्ताचेच, अशी त्यांची शिकवण होती. इ.स. १६५ च्या सुमारास रोममध्ये ते रक्तसाक्षी झाले. उलट कार्थेजच्या तर्तुलियनला हे पटत नसे. अथेन्सचा आणि यरुशलेमचा संबंधच काय, असे तो विचारी. नीळकंठशास्त्र्यांच्या आयुष्यात या दोन्ही वाटा एकाच माणसाला चालाव्या लागल्या.

नीळकंठांचा जन्म १८२५ साली बुंदेलखंडात, झाशीच्या पूर्वेकडील काशीपुरा गावी, कोकणस्थ ब्राह्मण कुटुंबात झाला. पुढे कुटुंब काशीला स्थायिक झाले. तेथे त्यांनी संस्कृत व्याकरण आणि न्यायशास्त्र यांचा अभ्यास केला. न्याय म्हणजे तर्काचे शास्त्र. एखादी गोष्ट खरी कशावरून मानायची, पुरावा कशाला म्हणायचे, याचा बारीक विचार त्यात असतो. हे हत्यार नीळकंठांनी जन्मभर वापरले.

त्या काळी काशीत मिशनरी भर रस्त्यात सुवार्ता सांगत. तरुण नीळकंठांना ते सहन होईना. मिशनऱ्यांना वादात हरवायचे, असे ठरवून ते विल्यम स्मिथ या मिशनऱ्याकडे जाऊ लागले. जॉन म्यूर या संस्कृत जाणणाऱ्या अधिकाऱ्याने ख्रिस्ती धर्माच्या बाजूने मतपरीक्षा नावाचा संस्कृत ग्रंथ लिहिला होता. विशीच्या उंबरठ्यावरच्या नीळकंठांनी त्याचे खंडन करण्यासाठी शास्त्रतत्त्वविनिर्णय हा ग्रंथ संस्कृतातच रचला. म्हणजे पुढे ख्रिस्तासाठी झिजलेल्या या लेखणीने आधी ख्रिस्ती मताविरुद्ध लिहिले होते.

पण वाद घालायचा तर समोरच्याचे नीट वाचावे लागते. वाचता वाचता नीळकंठांच्या मनात वेगळाच वाद सुरू झाला. हा वाद काही वर्षे चालला. अखेर १४ मार्च १८४८ रोजी काशीपासून दूर जौनपूरला त्यांनी बाप्तिस्मा घेतला आणि नेहेम्या हे नाव धारण केले. घराण्याचा मान आणि पंडितांच्या सभेतले स्थान एका दिवसात गेले. पत्नी लक्ष्मीबाई पुढे त्यांच्याकडे आल्या, त्यांनीही बाप्तिस्मा घेतला. १८५३ साली त्यांना मुलगी झाली आणि थोड्याच दिवसांत लक्ष्मीबाई देवाघरी गेल्या. आईविना पोर मिशनरी कुटुंबांत वाढली. तीच पुढे भक्तिगीते लिहिणारी एलन लक्ष्मी गोरे.

१८५४ मध्ये महाराजा दुलीपसिंग यांच्याबरोबर नेहेम्या इंग्लंडला गेले. ख्रिस्ती देश पाहायला मिळणार, या ओढीने गेलेला हा साधा माणूस तेथे खिन्न झाला. ऑक्सफर्डचे विद्वान मॅक्स म्युलर यांच्याजवळ त्यांनी आपले दुःख उघड केले. लंडनमध्ये पाहिले तोच जर ख्रिस्ती धर्म असेल तर आपण परत जावे हे बरे, असे त्यांना झाले होते. पण त्यांनी ख्रिस्ताला सोडले नाही. ख्रिस्त वेगळा आणि त्याचे नाव घेणाऱ्यांचे वागणे वेगळे, हा भेद त्यांना कळला. बंधुभगिनींनो, आपल्याकडे पाहून असा खिन्न होणारा कोणी आपल्या शेजारी आहे का?

परत आल्यावर १८६० साली त्यांचा षड्दर्शनदर्पण हा हिंदी ग्रंथ प्रसिद्ध झाला. न्याय, वैशेषिक, सांख्य, योग, मीमांसा आणि वेदान्त या सहा दर्शनांची त्यांनी एकेक करून तपासणी केली. त्यांचा मुख्य रोख वेदान्तावर होता. जग मिथ्या असेल तर माणसाचे पाप आणि त्याचे अश्रू खरे कसे? जीव आणि ब्रह्म एकच असतील तर कोणी कोणाची प्रार्थना करायची? असे त्यांचे मुद्दे होते. त्यांची भाषा कठोर होती. आज त्यातले सगळेच आपण मान्य करू असे नाही, आणि वेदान्ती पंडितांपाशीही आपली उत्तरे आहेत. पण एक गोष्ट पाहा. काशीत शिकलेली तर्काची शिस्त त्यांनी टाकून दिली नाही. ख्रिस्ताची बाजू मांडताना त्यांनी तीच वापरली.

१८६८ साली ते उपधर्मगुरू आणि १८७० साली धर्मगुरू झाले. १८७६ मध्ये अँग्लिकन काउली फादरांच्या संघात ते उमेदवार म्हणून दाखल झाले. पुणे-मुंबईकडच्या सुशिक्षित मंडळींशी त्यांनी अनेक वर्षे संवाद केला. पुण्यात पंडिता रमाबाईंची भेट झाली. रमाबाई इंग्लंडला गेल्यावर गोऱ्यांनी त्यांच्या शंकांना लेखी उत्तरे पाठवली. ती वाचून मनाची गाठ सुटली, असे रमाबाईंनी नमूद केले आहे. १८८३ साली त्यांनी बाप्तिस्मा घेतला.

आणि गंमत पाहा, दुसऱ्यांच्या शंका फेडणारा हा माणूस स्वतः जन्मभर शंकांनी पोळला. संघाची अखेरची व्रते त्यांनी शेवटपर्यंत घेतली नाहीत. मन पुन्हा पुन्हा मागे ओढी. तरी प्रार्थना सुटली नाही, सेवा सुटली नाही. शंका येणे म्हणजे श्रद्धा जाणे नव्हे, हे मला पुस्तकांपेक्षा त्यांच्या आयुष्याने अधिक पटवले आहे.

उतारवयात त्यांच्या विचाराला आणखी एक वळण मिळाले. देवानेच आपल्या लोकांना ख्रिस्तासाठी तयार केले आहे, असे ते म्हणू लागले. अनन्यभक्ती, वैराग्य, नम्रता, क्षमा हे गुण आपल्या देशात पिढ्यान्‌पिढ्या शिकवले गेले आहेत, ही त्यांच्या मते देवाचीच मशागत होती. तरुणपणी तर्तुलियनसारखे तलवार उपसणारे गोरे म्हातारपणी जस्टिनच्या अंगणात येऊन बसले. २९ ऑक्टोबर १८९५ रोजी मुंबईत त्यांनी देह ठेवला.

आता आपल्याकडे वळू. आपल्यापैकी कित्येकांच्या पणजोबांना शास्त्रांचा दरवाजाच बंद होता. संस्कृत त्यांच्या कानावर पडू दिले जात नव्हते. तेव्हा गोऱ्यांचे प्रश्न आपले नव्हेत, असे कोणी म्हणेल. पण आपल्या घरांत जात्यावरच्या ओव्या होत्या, चोखोबांचे अभंग होते, पाहुण्याला भाकरी देण्याची रीत होती. ते शहाणपण पोथीतले नसले तरी शहाणपणच आहे. देवाच्या शब्दाचे बीज तेथेही पडलेले आहे. काय ठेवायचे, काय सोडायचे हे मात्र ख्रिस्ताच्या प्रकाशात निवडावे लागते. जातीचा अहंकार, बाईमाणसाला कमी लेखणे हेही परंपरेतूनच आले. ते ठेवण्यासारखे नाही.

आपण रविवारी श्रद्धांगीकार म्हणतो. पुत्र पित्याशी एकाच तत्त्वाचा आहे, हे सांगण्यासाठी ३२५ साली निकेयाच्या धर्मपरिषदेने ग्रीक विचारवंतांच्या भाषेतला शब्द निवडला. श्रद्धेला तेव्हा ग्रीकांची भाषा उपयोगी पडली. पोप जॉन पॉल दुसरे यांनी १९९८ च्या श्रद्धा आणि विवेक या विषयावरील विश्वपत्रात आपल्या भारताचे नाव घेऊन हेच सुचवले. ग्रीकांकडून मिळालेले टाकू नका, आणि येथल्या विचारधनातून श्रद्धेला जुळेल ते घेऊन तिला समृद्ध करा, असा त्याचा आशय आहे.

या आठवड्यात घरातल्या वडीलधाऱ्यांना एक ओवी किंवा एक म्हण विचारा. मग कौटुंबिक प्रार्थनेत ती सुवार्तेशेजारी ठेवून पाहा. काय जुळते, काय जुळत नाही, यावर मुलांना बोलू द्या. ती शंका विचारतील, तेव्हा त्यांना गप्प करू नका. फादर गोऱ्यांना कोणी गप्प केले असते तर ते ख्रिस्तापर्यंत पोहोचलेच नसते.

प्रभू आपणा सर्वांना विचार करणारी श्रद्धा देवो.

आपला प्रभूमध्ये,
तुमचे धर्मगुरू