स्त्रियांचे भूषण : झीनतुन्निसा बेगम

नवरात्रात एकवीरेच्या दर्शनाला निघालेली आगरी-कोळी मंडळी मळवली स्थानकावर उतरतात, तेव्हा त्यांची दृष्टी उत्तरेला कार्ल्याच्या डोंगराकडे लागलेली असते. पाठीशी, दक्षिणेला, लोहगड उभा असतो. आईच्या या उत्सवात आज आम्ही त्या गडाच्या निमित्ताने एका परधर्मी स्त्रीचे स्मरण करणार आहोत. काही वाचकांना ते खटकेल, कारण ती औरंगजेबाची कन्या होती.

1713 साली कान्होजी आंग्र्यांनी लोहगड घेतला, तेव्हा त्यांना शाहू छत्रपतींच्या पक्षात आणण्याची अवघड कामगिरी बाळाजी विश्वनाथांनी पार पाडली. याच बाळाजीपंतांनी पुढे 1719 साली राजमाता येसूबाईंना दिल्लीहून सोडवून आणले. त्या प्रदीर्घ बंदिवासात मायलेकरांवर जिने मायेची सावली धरली, ती झीनतुन्निसा.

नाव अरबी आहे. झीनत म्हणजे शोभा, अलंकार; निसा म्हणजे स्त्रिया. बादशहाच्या पाचही मुलींच्या नावांचा शेवट ‘निसा’ हाच. बद्रुन्निसेतील बद्र म्हणजे पूर्णचंद्र. झुब्दतुन्निसेतील झुब्दत म्हणजे साय, सार. झेबुन्निसा व मेहरुन्निसा यांतील पहिले शब्द मात्र फारशी. आपल्या घरातील एखाद्या शोभेच्या नावाहून झीनतचा अर्थ फारसा निराळा नाही.

तिचा जन्म 1643 चा. चौदाव्या वर्षी आई, दिलरस बानू, औरंगाबादेस निवर्तली. बीबीचा मकबरा तिचाच. झीनतुन्निसा अविवाहित राहिली आणि दक्षिणेच्या स्वारीत वृद्ध पित्याचा जनानखाना सांभाळीत छावणीमागून छावणी हिंडली.

मार्च 1689 मध्ये शंभूछत्रपतींची क्रूर हत्या झाली. नोव्हेंबरात रायगड पडला आणि येसूबाई सात वर्षांच्या शाहूंसह शत्रूच्या हाती सापडल्या. ज्याने पती मारला त्याच्याच डेऱ्यालगत, गुलालबारात, त्या माउलीला दिवस कंठावे लागले. त्या लाल कनातींच्या आड बादशहाच्याच मुलीने पोरक्या राजपुत्राला पोटच्या मुलाप्रमाणे जपले, असे मराठी परंपरा सांगते. 1703 मध्ये शाहूंना धर्मांतर करण्याचा हुकूम झाला. तो टळला, त्यात बेगमेची रदबदली होती, असे सांगतात. त्याचे मोल मात्र प्रतापराव गुजरांच्या पुत्रांनी स्वतः धर्म बदलून चुकविले, हेही विसरता येणार नाही. पित्याच्या अपराधाचे क्षालन कन्येच्या दयेने होते, असे आम्ही म्हणत नाही. पण त्या दयेचे ऋण आपल्या छत्रपतींच्या घराण्यावर आहे, ते नाकारणे कृतघ्नपणा ठरेल.

1707 साली अहमदनगरजवळ बादशहा वारला व शाहू सुटले. येसूबाईंना मात्र ओलीस म्हणून उत्तरेस नेण्यात आले. झीनतुन्निसेने दिल्लीत यमुनेकाठी दर्यागंजात मशीद बांधली. तीही तिच्याच नावाची, झीनतुल मसाजिद, म्हणजे मशिदींची शोभा.

1719 मध्ये येसूबाई साताऱ्यास परतल्या, तेव्हा बेगम पंचाहत्तरीला पोचली होती. दोन वर्षांनी, 1721 मध्ये, तिचे निधन झाले. आपल्याच मशिदीच्या आवारात तिला चिरविश्रांती मिळाली होती. पण 1857 च्या उठावानंतर इंग्रजांनी ती मशीद ताब्यात घेऊन तेथे पावाची भट्टी घातली आणि बेगमेची कबरही तेथून हलविली.