कर्ज देणारा नगराध्यक्ष



पतपेढी, सभासद, जामीनदार हे शब्द आपल्या वसईत घरोघरी बोलले जातात. गावोगावच्या पतपेढीची कल्पना ज्यांनी रुजवली, ते मात्र जर्मनीतल्या खेड्यापाड्यांचे एक नगराध्यक्ष होते. त्यांचे नाव फ्रीडरिश विल्हेल्म रायफायझन. ते कॅथलिक नव्हते, प्रॉटेस्टंट होते. तरी या पानावर त्यांची ओळख करून देताना आम्हांला संकोच वाटत नाही.

३० मार्च १८१८ रोजी हाम या गावी त्यांचा जन्म झाला. नऊ भावंडांत ते सातवे. तरुणपणी सैन्यात गेले, पण डोळ्यांच्या आजाराने ती नोकरी सुटली. १८४५ साली वायरबुश आणि आजूबाजूच्या खेड्यांचा कारभार त्यांच्याकडे आला.

पुढच्याच वर्षी पिके बुडाली. १८४६-४७ च्या हिवाळ्यात लोक उपाशी पडले. सरकारने पीठ पाठवले, पण जो रोख पैसे मोजेल त्यालाच द्यावे असा हुकूम होता. ज्याच्या घरात दाणा नाही त्याच्या हाती रोकड कुठून असणार? रायफायझन यांनी हुकूम बाजूला ठेवून पीठ उधारीवर दिले. मग सुस्थितीतल्या गावकऱ्यांकडून पैसा उभा केला, गावात भट्टी घातली आणि पाव स्वस्तात पुरवला.

१८४८ मध्ये त्यांची फ्लामर्सफेल्डला बदली झाली. तिथे पोटाच्या भुकेइतकाच कर्जाचा फास घट्ट होता. शेतकरी उधारीवर गाय घेई, हप्ता चुकला की गाय जाई, पुढे शेतही जाई. १८४९ साली सुमारे साठ सधन माणसे जामीन राहिली आणि शेतकऱ्यांना सोप्या हप्त्यांवर गुरे मिळू लागली. १८५४ मध्ये हेडेसडोर्फ येथेही त्यांनी अशीच संस्था काढली. मात्र वर्षे गेली तसा दात्यांचा उत्साह ओसरू लागला.

आमच्या मते त्यांच्या आयुष्यातला सर्वांत अवघड प्रसंग हाच. श्रीमंताने ख्रिस्ती प्रेमापोटी गरिबाचा भार उचलावा, ही त्यांची श्रद्धा होती आणि ती त्यांना सहजासहजी सोडवेना. शेवटी १८६४ मध्ये त्यांनी नवी पतसंस्था उभारली. तिच्यात कर्ज घेणाराच सभासद आणि सगळे सभासद एकमेकांच्या कर्जाला जबाबदार. क्षेत्र गावापुरते, म्हणजे कोण कष्टाळू आणि कोण उधळ्या हे सर्वांना ठाऊक. पदाधिकाऱ्यांना पगार नाही, नफा वाटायचा नाही, तो राखीव निधीत टाकायचा. याचक म्हणून येणारा माणूस येथे मालक म्हणून बसू लागला. (आज जामिनाची सही करताना आपण किती विचार करतो, हे ज्याचे त्याने पाहावे.)

घरी मात्र दुःखच होते. १८६३ मध्ये पत्नी एमिली वारली. विषमज्वराने त्यांची प्रकृती ढासळली, दृष्टी जवळजवळ गेली आणि १८६५ मध्ये पद सोडावे लागले. निवृत्तिवेतन तुटपुंजे. म्हणून त्यांनी सिगारचा छोटा कारखाना काढला, पुढे वाईनचा व्यापार केला. इतरांच्या कर्जाची काळजी वाहणारा हा माणूस स्वतःच्या संसारासाठी दुकानदारी करत होता. १८६६ साली पतसंस्थांवरचे आपले पुस्तक त्यांनी थोरली मुलगी अमाली हिला सांगून लिहवून घेतले. ती अविवाहित राहिली आणि बापाचे डोळे झाली. तिचे नाव क्वचितच कोणी घेते.

११ मार्च १८८८ रोजी, सत्तरी गाठायला काही दिवस उरले असताना त्यांचे निधन झाले.

त्यांची पद्धत पुढे भारतात आली. मद्रास सरकारसाठी फ्रेडरिक निकल्सन यांनी युरोपातील पतसंस्थांचा अभ्यास करून तिची शिफारस केली आणि १९०४ मध्ये सहकारी पतसंस्थांचा कायदा झाला. १९०९ साली जर्मन येशूसंघीय फादर जॉन हॉफमन यांनी छोटानागपूरच्या आदिवासींसाठी कॅथलिक सहकारी पतसंस्था सुरू केली, सावकारापासून त्यांची जमीन वाचावी म्हणून. आपल्या वसईतील कॅथलिक बँकेची सुरुवात १९१८ ची.