ॲन्थनी ॲशली-कूपर, शाफ्ट्सबरीचे सातवे अर्ल

ॲन्थनी ॲशली-कूपर, शाफ्ट्सबरीचे सातवे अर्ल (२८ एप्रिल १८०१ – १ ऑक्टोबर १८८५) हे एकोणिसाव्या शतकातील ब्रिटिश राजकारणी व समाजसुधारक होते. कारखाने व खाणींतील बालमजूर, मनोरुग्ण आणि निराधार मुले यांच्या संरक्षणासाठी झालेल्या अनेक कायद्यांमागे त्यांचे प्रयत्न होते. १८११ ते १८५१ या काळात ते लॉर्ड ॲशली या नावाने ओळखले जात.

बालपण व शिक्षण

त्यांचा जन्म लंडनमधील ग्रोव्हनर स्क्वेअर येथे झाला. वडील क्रॉपली ॲशली-कूपर हे १८११मध्ये सहावे अर्ल झाले. आई लेडी ॲन या मार्लबरोच्या चौथ्या ड्यूकच्या कन्या होत्या. घराणे श्रीमंत आणि जुने असले, तरी आईवडिलांकडून मुलांना माया मिळाली नाही. घरातील मरिया मिलिस या सेविकेने ॲन्थनी यांना जीव लावला आणि प्रार्थना शिकवली. ती त्यांच्या लहानपणीच वारली. तिने त्यांच्यासाठी ठेवलेले घड्याळ त्यांनी जन्मभर वापरले. त्यांच्या धर्मनिष्ठेचे मूळ चरित्रकारांना याच सहवासात दिसते.

चिझिक येथील शाळेतील दिवस त्यांना अतिशय कष्टाचे गेले. त्यानंतर हॅरो येथील शाळेत आणि ऑक्सफर्डच्या क्राइस्ट चर्च महाविद्यालयात त्यांचे शिक्षण झाले. १८२२मध्ये अभिजात भाषांच्या परीक्षेत त्यांना प्रथम श्रेणी मिळाली.

राजकीय कारकीर्द

१८२६मध्ये ते मार्लबरो घराण्याच्या प्रभावाखालील वुडस्टॉक मतदारसंघातून टोरी पक्षातर्फे हाउस ऑफ कॉमन्सवर निवडून आले. वेलिंग्टन यांच्या मंत्रिमंडळाच्या काळात, १८२८पासून, भारताच्या कारभारावर देखरेख करणाऱ्या नियंत्रण मंडळाचे ते सदस्य होते. त्याच सुमारास त्यांनी मनोरुग्णांच्या प्रश्नात लक्ष घातले. साखळदंडाने बांधून ठेवलेल्या रुग्णांची स्थिती सुधारण्यासाठी १८२८ व १८४५मध्ये कायदे झाले. १८४५च्या कायद्याने स्थापन झालेल्या आयोगाचे अध्यक्षपद त्यांनी मृत्यूपर्यंत सांभाळले.

कारखान्यांतील कामाचे तास कमी करण्याची मागणी संसदेत मायकेल सॅडलर मांडत असत. १८३२च्या निवडणुकीत त्यांचा पराभव झाल्यावर ही जबाबदारी ॲशलींनी स्वीकारली. १८३३च्या कायद्याने बहुतेक कापडगिरण्यांत नऊ वर्षांखालील मुलांना कामावर ठेवण्यास बंदी झाली. मात्र दहा तासांची मागणी मान्य झाली नाही. १८४२मध्ये खाणींतील मुलांच्या स्थितीवरील सचित्र अहवाल प्रसिद्ध होऊन देशभर खळबळ उडाली. त्याच वर्षी स्त्रिया आणि दहा वर्षांखालील मुलगे यांना खाणीत भूमिगत कामावर नेण्यास मनाई करणारा कायदा ॲशलींनी संमत करून घेतला.

धान्य कायदे रद्द होणे योग्य आहे, असे मत झाल्यावर त्यांनी १८४६मध्ये डॉर्सेटच्या जागेचा राजीनामा दिला, कारण तेथील मतदारांनी त्यांना त्या कायद्यांचे समर्थक म्हणून निवडले होते. त्यामुळे १८४७मध्ये स्त्रिया व किशोरवयीन कामगारांसाठी दहा तासांचा कायदा संमत झाला, तेव्हा ते संसदेत नव्हते. ते विधेयक जॉन फील्डन यांनी मांडले. त्याच वर्षी ते बाथ येथून पुन्हा निवडून आले. १८५०मध्ये साडेदहा तासांची सरकारी तडजोड त्यांनी स्वीकारली, तेव्हा चळवळीतील अनेकांनी त्यांच्यावर विश्वासघाताचा आरोप केला.

वडिलांच्या मृत्यूनंतर १८५१मध्ये ते अर्ल झाले व उमराव सभेत गेले. मंत्रिपदाचे प्रस्ताव त्यांनी वेळोवेळी नाकारले. धुराडी साफ करण्यासाठी लहान मुलांना आत चढवण्याच्या प्रथेविरुद्ध ते दीर्घकाळ लढले. १८७५च्या कायद्याने ती प्रथा मोडली. गरीब मुलांना मोफत शिक्षण देणाऱ्या शाळांच्या संघाचे ते सुमारे चाळीस वर्षे अध्यक्ष होते. मुंबईतील कापडगिरण्यांच्या कामगारांचा प्रश्नही त्यांनी उमराव सभेत मांडला. भारतातील पहिला कारखाना कायदा १८८१मध्ये झाला. या मागणीमागे लँकेशायरच्या गिरणीमालकांचा स्पर्धेचा हेतूही होता, अशी टीका भारतात झाली.

श्रमिकांविषयी कळवळा असला, तरी त्यांना लोकशाहीचे आकर्षण नव्हते. १८६७मधील मताधिकाराच्या विस्ताराला त्यांनी विरोध केला.

कुटुंब

१८३० साली त्यांचा विवाह लेडी एमिली कूपर (मिनी) यांच्याशी झाला. त्या अर्ल कूपर यांच्या कन्या मानल्या जात. परंतु त्यांचे खरे वडील लॉर्ड पामरस्टन असावेत, असे अनेक इतिहासकारांचे मत आहे. मिनी यांच्या मातोश्रींनी १८३९मध्ये पामरस्टन यांच्याशी पुनर्विवाह केला. पंतप्रधान लॉर्ड मेलबर्न हे मिनी यांचे मामा होते. अशा रीतीने टोरी ॲशलींचे सासर व्हिग पक्षाच्या अग्रणी कुटुंबांत होते.

या दांपत्याला सहा मुलगे व चार मुली झाल्या. फ्रान्सिस, मॉरिस, मेरी आणि कॉन्स्टन्स ही चार अपत्ये वडिलांच्या हयातीत वारली. १८७२मध्ये पत्नी आणि कॉन्स्टन्स यांचा मृत्यू काही आठवड्यांच्या अंतराने झाला. चौथे पुत्र ईव्हलिन ॲशली हे पामरस्टन यांचे खासगी सचिव, चरित्रकार आणि पुढे संसद सदस्य झाले.

वडिलांशी ॲशलींचे संबंध शेवटपर्यंत ताणलेले राहिले. डॉर्सेटमधील शेतमजुरांच्या हलाखीवर त्यांनी जाहीर टीका केली, तेव्हा ती वडिलांच्या जहागिरीलाही लागू होत होती. गिरणीमालकही त्यांना हीच विसंगती दाखवत. विंबर्न सेंट जाइल्सची जहागीर हाती आली, तेव्हा तिच्यावर मोठे कर्ज होते. मजुरांची घरे सुधारण्याचे काम त्यांनी हाती घेतले. परंतु पैशाची चणचण त्यांना अखेरपर्यंत भासत राहिली.

मृत्यू व स्मारके

१ ऑक्टोबर १८८५ रोजी फोकस्टन येथे त्यांचे निधन झाले. वेस्टमिन्स्टर ॲबीमधील अंत्यविधीच्या वेळी लंडनच्या रस्त्यांवर गरिबांची मोठी गर्दी जमली होती. त्यांच्या इच्छेनुसार दफन विंबर्न सेंट जाइल्स येथे झाले. ज्येष्ठ पुत्र ॲन्थनी आठवे अर्ल झाले, मात्र पुढच्याच वर्षी त्यांचे निधन झाले.

लंडनमधील शाफ्ट्सबरी ॲव्हेन्यू हा रस्ता त्यांच्या नावाने ओळखला जातो. पिकॅडिली सर्कस येथे १८९३मध्ये उभारलेले, ॲल्युमिनियमची पंखधारी मूर्ती असलेले कारंजे हे त्यांचेच स्मारक आहे. शिल्पकार आल्फ्रेड गिल्बर्ट यांनी या मूर्तीतून निःस्वार्थ प्रेम सूचित केले होते. लोकांत मात्र ती ईरॉस या नावाने रूढ झाली.